प्रतिशब्दाची पारख

एका शब्दाच्या जागीं दुसरा घालणें हें काम कोश उघडला कीं होण्याजोगें आहे, असा समज सुशिक्षितांतहि आढळतो. मराठीच्या इतिहासास विचारलें, तर उत्तर निराळें मिळतें. आणि त्यांतील दोन प्रकरणें आम्हां कोल्हापूरकरांच्या अगदीं जवळचीं आहेत.

पहिलें शिवकालाचें. १६७४ च्या राज्याभिषेकसमयीं पेशवा ‘मुख्य प्रधान’ झाला, मुजुमदार ‘अमात्य’, सुरनीस ‘सचिव’, डबीर ‘सुमंत’. याच धोरणानें महाराजांच्या आज्ञेवरून राजव्यवहारकोश सिद्ध झाला. त्यांत दरबारी व्यवहारांतील सुमारें १,४०० शब्दांस दहा वर्गांत संस्कृत प्रतिशब्द दिले आहेत. परंतु पेशवा हा शब्द हटला नाहीं. १८१८ त राज्य बुडेपर्यंत तोच लोकांच्या तोंडीं राहिला. उलट ‘अमात्य’ टिकला. कारण रामचंद्रपंतांच्या कर्तृत्वानें त्यास तेज आलें आणि बावड्याच्या घराण्यांत तो पिढ्यान्‌पिढ्या नांदला. कोशानें दोन्ही प्रतिशब्दांस सारखेंच आसन दिलें होतें. आयुष्य दिलें तें वापरानें.

दुसरें प्रकरण येथील राजाराम कॉलेजांतील प्राध्यापक माधवराव पटवर्धन, म्हणजे कवि माधव जूलियन, यांचें. १९२५ त फारसी-मराठी कोश रचणाऱ्या याच पंडितानें १९३८ त ‘भाषाशुद्धि-विवेक’ लिहिला, आणि स्वतःच्या जुन्या कवितांतील फारसी शब्द काढून तेथें संस्कृत शब्द योजिले. उमर खय्यामला तर त्यांनीं तीनदां मराठी पेहराव दिला: १९२९ त ‘रुबाया’, १९३१ त फिट्झजेराल्डच्या इंग्रजीवरून ‘द्राक्षकन्या’, आणि त्यांच्या मृत्यूनंतर १९४० त निघालेली ‘मधुलहरी’. नांवें पाहिलीं तरी शब्दांची वाट कोणत्या दिशेनें गेली तें दिसतें.

या काव्याचा जो मुख्य पदार्थ, त्यास मराठींत काय म्हणावें? ‘दारू’ म्हटलें कीं गुत्ता डोळ्यांपुढें येतो. फारसींत मात्र त्या शब्दाचा अर्थ औषध, आणि आपल्या ‘दवादारू’ंत तो अद्याप शिल्लक आहे. ‘मद्य’ म्हणावें तर निषेधाचा कायदा आठवतो. ‘सुरा’ देवदैत्यांच्या कथेंत नेते. ‘मदिरा’ काव्याची खरी, पण घरांत कोणी उच्चारीत नाहीं. कोशांत हे चौघे एका पंक्तीस बसतात. वाक्यांत त्यांची सोयरीक जमत नाहीं.

म्हणून शब्दाचें कूळ पाहण्यापूर्वीं त्याचा सहवास पाहावा, असें आम्हांस वाटतें. सावरकरांचा ‘महापौर’ रुजला, कारण ‘मेयर’ला येथें घर नव्हतें. ‘कागद’ आणि ‘वकील’ यांस तें शेंकडों वर्षांपासून आहे. त्यांस बाहेर काढल्यास घरच मोडेल. भाषेचा अभिमान असावा. पण तो परक्यास हुसकण्यापेक्षां अर्थास जपण्यांत अधिक दिसतो. मुलांस आपण समानार्थी शब्द पाठ करावयास सांगतों. तेव्हां ‘हा कोठें शोभेल, आणि कोठें शोभणार नाहीं?’ हाहि प्रश्न त्यांस विचारावा. भाषेचें खरें शिक्षण तेथूनच सुरू होतें.