पडद्यावरच्या बेडकाची वंशावळ

‘गोकेत्सु जिराइया’ या १९२१ सालच्या जपानी मूकपटाचा जो जेमतेम वीस मिनिटांचा अवशेष आज पाहावयास मिळतो, त्यात बोटांची मुद्रा बांधून उभा असलेला नायक धुराच्या लोटात गडप होतो आणि त्याच्या जागी एक अजस्र बेडूक प्रकटतो. त्या ओबडधोबड सोंगाच्या आत माणूस आहे हे लपत नाही, आणि लपवावे असे कोणास वाटलेलेही दिसत नाही.

या बेडकाचे कुळ जुने आहे. घर लुटून भिंतीवर ‘मी आलो आहे’ असे लिहून जाणाऱ्या, चीनमधील सुंग काळातल्या एका चोराची कथा ओनिताके या जपानी लेखकाने १८०६ मध्ये आपलीशी केली. पुढे १८३९ पासून सुमारे तीस वर्षे हप्त्याहप्त्याने निघालेल्या सचित्र कादंबरीत मंडूकविद्येचा जिराइया, सर्पविद्येचा त्याचा वैरी ओरोचिमारू आणि बिनशंखाच्या गोगलगायीची विद्या जाणणारी त्याची पत्नी त्सुनादे असा तिढा रंगला, ज्यात साप बेडकाला, बेडूक गोगलगायीला आणि गोगलगाय सापाला भारी. १८५२ मध्ये नाटककार मोकुआमीने ही कथा काबुकी रंगभूमीवर आणली.

तिथून ती मिरास माकिनो शोझो या क्योतोतील नाट्यगृहचालकाच्या हाती आली. १९०८ पासून तो चित्रपट काढू लागला होता, आणि फिरत्या नाटकमंडळीतला ओनोए मात्सुनोसुके हा नट त्याला लाभला होता, ज्याच्या वटारलेल्या डोळ्यांवरून लोकांनी त्याला लाडके टोपणनावच दिले. असे सांगतात की, एकदा चित्रण चालू असता फीत संपली, ती बदलेपर्यंत सारे नट जागच्या जागी थिजून राहिले, एक मात्र लघुशंकेस निघून गेला, आणि पडद्यावर पाहता तो सर्वांदेखत अंतर्धान पावला! फ्रान्सच्या मेलिएस या चित्रपटकाराविषयीही अशीच आख्यायिका प्रचलित असल्यामुळे तिजवर फारशी भिस्त ठेवता येत नाही. परंतु कॅमेरा थांबवून माणूस काढणे वा घालणे ही युक्ती माकिनोने मांत्रिकांच्या कथांत सढळ हाताने वापरली, हे निर्विवाद.

स्थिर कॅमेऱ्यापुढे नाटकच चालले आहे, असा आक्षेप तेव्हाच्या सुधारकी समीक्षकांनी घेतला. तो खरा असला तरी अपुरा आहे, कारण धूर, मुद्रा आणि सोंग हे सारे काबुकीच्या दप्तरातलेच असले, तरी धूर विरण्याची वाट न पाहता क्षणार्धात होणारा पालट रंगभूमीला कधीच साधला नव्हता. मुलांना मात्र या वादाशी कर्तव्य नव्हते. ती गल्लोगल्ली बोटे गुंफून अदृश्य होण्याचा खेळ मांडीत, आणि त्यापायी वडीलधाऱ्यांचा रोष ओढवून घेत.