वाय. व्ही. राव आणि कन्नड बोलपटाचा आरंभ

३ मार्च १९३४ रोजी बंगळूरच्या सिटी मार्केटनजीकच्या पॅरामाउंट थिएटरात 'सती सुलोचना' हा कन्नडातील पहिला बोलपट झळकला. त्याचे भांडवल बंगळूरचे मारवाडी व्यापारी चमनलाल डुंगाजी यांचे, कथा व पदे बेळ्ळावे नरहरिशास्त्रींची. परंतु म्हैसूर संस्थानात ध्वनिमुद्रणाची सोय असलेला स्टुडिओ नसल्यामुळे नटसंच, वाद्ये, वेशभूषा असा सारा सरंजाम घेऊन मंडळींना कोल्हापूर गाठावे लागले, आणि तेथील छत्रपती स्टुडिओत दोनेक महिन्यांत चित्रण उरकले, ही गोष्ट आपणां मराठीजनांस क्वचितच ठाऊक असते.

दिग्दर्शक होते यरगुडिपाटी वरद राव. मद्रास इलाख्यातील नेल्लोरचा हा तेलुगु तरुण रंगभूमीच्या ओढीने घराबाहेर पडला तो प्रथम कोल्हापूर व मुंबई येथील मूकपटांत भूमिका करू लागला. पुढे मद्रासेस जाऊन 'गरुडगर्वभंगम्' (१९२९) सारख्या चित्रांत चमकला आणि अल्पावधीत स्वतःच दिग्दर्शनाकडे वळला. 'सती सुलोचने'त आर. नागेंद्रराव रावण, सुब्बय्या नायडू इंद्रजित आणि त्रिपुरांबा सुलोचना. आणि ज्याच्या हातून इंद्रजिताचा वध होऊन सुलोचनेवर सती जाण्याचा प्रसंग ओढवतो, तो लक्ष्मण मात्र रावांनी स्वतः उभा केला. नागेंद्ररावांनी भूमिकेबरोबर संगीताचीही धुरा वाहिली. कारण ही मंडळी मूळची नाटकवाली, आणि नाटक मंडळीत एकाच माणसाने चार कामे अंगावर घेण्याची वहिवाट जुनीच.

पुढे रावांनी तमिळकडे मोर्चा वळविला. एम. के. त्यागराज भागवतर व अश्वत्थम्मा यांचा 'चिंतामणी' (१९३७) वर्षाहून अधिक काळ चालला आणि त्याच्या उत्पन्नातून मदुरेस त्याच नावाचे थिएटर उभे राहिले. १९४१ च्या तमिळ 'सावित्री'त तर त्यांनी 'कुंकू'तील आपल्या शांता आपटे यांना नायिका केले. शांताबाईंनी त्याकरिता तमिळचा रीतसर अभ्यास केला, सत्यवान स्वतः राव झाले, आणि नारदाच्या भूमिकेत एम. एस. सुब्बुलक्ष्मी उभ्या राहिल्या, त्यांच्या मानधनातून 'कल्की' साप्ताहिकास भांडवल मिळावे म्हणून.

१९७३ साली राव निवर्तले. 'जूली'तील अभिनेत्री लक्ष्मी ही त्यांची कन्या. 'सती सुलोचने'ची एकही प्रत आज उपलब्ध नाही. तेलुगु घराण्यात जन्मलेला, कोल्हापुरात कन्नड बोलपट घडविणारा आणि मराठी नटीकडून तमिळ वदविणारा हा कलावंत कोणत्याही एका भाषेच्या दप्तरात पुरता मावत नाही, म्हणूनच प्रत्येक भाषेच्या इतिहासात त्याच्या वाट्यास चार ओळींहून अधिक येत नाहीत. कन्नड बोलपटाच्या इतिहासाने त्यांना आद्य दिग्दर्शकाचा मान दिला आहेच. कोल्हापूरच्या चित्रव्यवसायाचा इतिहास लिहिणाऱ्यांनीही बाबुराव पेंटर आणि भालजी पेंढारकर यांच्या कालखंडाचे वर्णन करताना ही नोंद अवश्य करावी.