हजेरीतले 240 दिवस

महागाव तालुक्यातल्या फुलसावंगीत नळाला पाणी सोडणारा, नाल्या उपसणारा माणूस ग्रामपंचायतीचा. मंजूर पदांच्या आकृतिबंधात त्याची जागा असेल तर तो कर्मचारी, नसेल तर निव्वळ रोजंदारीवाला. कामाची नोंद कुठे होते, यावरच माणसाची नोकरी टिकते. हा प्रश्न घेऊन सफाई कामगार कित्येक दशकं कोर्टाच्या पायऱ्या चढत आहेत आणि त्यातली एक महत्त्वाची लढाई विदर्भातली आहे.

मध्य प्रांत-वऱ्हाडात 1947 चा औद्योगिक तंटा कायदा होता. तो आपल्याला लागू नाही, महापालिका म्हणजे काही गिरणी नव्हे, असं नागपूर महापालिकेचं म्हणणं. 1960 साली सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळलं. सफाईसह पालिकेचे बहुतेक विभाग ‘उद्योग’ ठरले आणि झाडूवाल्याला कामगार म्हणून दाद मागायची वाट मोकळी झाली.

पुढे 1971 चा महाराष्ट्राचा कायदा आला. कायमपणाचे हक्क नाकारण्यासाठी माणसाला वर्षानुवर्षं बदली, हंगामी म्हणून राबवणं ही त्याने ‘अनुचित कामगार प्रथा’ ठरवली. आदर्श स्थायी आदेशांत कायम होण्यासाठी 12 महिन्यांत सलग 240 दिवसांच्या सेवेची अट होती. त्यामुळे हजेरीपट हाच पुरावा झाला आणि 240 भरण्याआधी ‘ब्रेक’ देणं ही मालकांची युक्ती.

2006 मध्ये उमादेवी खटल्याचा निकाल लागला. रीतसर भरतीशिवाय लागलेल्यांना कायम होण्याचा हक्क नाही, असं घटनापीठाने सांगितलं आणि देशभरातल्या हंगामी कामगारांपुढे भिंत उभी राहिली. त्या भिंतीत 2009 साली महाराष्ट्रातूनच खिंडार पडलं. एसटीच्या सफाई कामगारांसाठी कास्ट्राईब संघटनेने लढवलेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालय म्हणालं, की अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि मंजूर जागा असल्या, तर औद्योगिक न्यायालय कायम करण्याचा आदेश देऊ शकतं.

मुंबईत तर माणसाचं नावच बदललं होतं. कचऱ्याच्या गाड्यांवर कंत्राटाने राबणाऱ्या, बहुसंख्य दलित कामगारांना पालिका ‘स्वयंसेवक’ म्हणे आणि मजुरीला ‘मानधन’. मिलिंद रानडे यांच्या कचरा वाहतूक श्रमिक संघाने हा बुरखा फाडला. कंत्राट दिखाऊ आहे, खरी मालक महापालिकाच, असं 2014 मध्ये औद्योगिक न्यायाधिकरणाने ठरवलं. उच्च न्यायालयाने ते मान्य केलं आणि 7 एप्रिल 2017 रोजी सर्वोच्च न्यायालयाने 2,700 कामगारांना कायम करण्यावर शिक्कामोर्तब केलं.

एवढं होऊनही अनेकांच्या हाती नेमणुकीचा कागद लवकर पडला नाही. यादीतलं नाव आणि ओळखपत्रावरचं नाव जुळेना. कुठे आडनावाचं स्पेलिंग वेगळं, कुठे एखादं अक्षर कमी. उमेदीची वर्षं कचऱ्यात घालवलेल्या माणसांना आपण तेच आहोत हे पुन्हा सिद्ध करावं लागलं. त्याच संघाच्या आणखी 580 कामगारांना कायमपणाचे लाभ द्यावेत, असा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने डिसेंबर 2023 मध्ये दिला.