दासोह : वाढणाऱ्यांच्या शब्दाची कुळकथा

बसवकल्याणात पंगत बसली की पत्रावळीवर आधी गव्हाची हुग्गी पडते, मग भात आणि त्यावर सांबार. बादली घेऊन वाकत वाकत पुढे सरकणारा माणूस आचारी नसतो. तो बाजारातला अडत्या असतो, शाळेतला मास्तर असतो, नाहीतर कॉलेजात शिकणारा पोरगा. त्याचं लक्ष चेहऱ्यांकडे कमी आणि पानांकडे जास्त असतं. कुणाचं काय संपलं एवढंच तो पाहतो. या जेवणाला अन्नदान म्हणा, महाप्रसाद म्हणा. पण लिंगायत घरांत, मग ती कन्नड बोलणारी असोत की मराठी, त्याला हक्काचा शब्द एकच आहे : दासोह.

या शब्दाची फोड सोपी आहे. दासः अहम्, दासोऽहम्, म्हणजे ‘मी दास आहे’. आज आपण ते नाम म्हणून वापरतो, पण मुळात ते एक पूर्ण वाक्य आहे, आणि तेही प्रथमपुरुषी. दान या शब्दात देणारा हात वर असतो. दासोहात देणारा खाली वाकलेला आहे.

बाराव्या शतकात, कलचुरी राजा बिज्जळाच्या काळात, याच कल्याण नगरीत बसवण्णांच्या भोवती शरण, म्हणजे शिवभक्त, जमले. त्यांनी दोन शब्द जोडीने चालवले : कायक आणि दासोह. कायक म्हणजे अंगमेहनतीचं प्रामाणिक काम. त्यातून येईल ते साठवायचं नाही, वाटायचं, तो दासोह. तनाने गुरूची, मनाने लिंगाची आणि धनाने जंगमाची सेवा असे त्याचे तीन भाग सांगितले जातात.

आयदक्की मारय्या आणि लक्कम्मा यांची गोष्ट या भागात घरोघरी ठाऊक आहे. आयद अक्की म्हणजे वेचलेले तांदूळ. अंगणात सांडलेले दाणे वेचायचे आणि त्यांतूनच शरणांना जेवू घालायचं, हे या नवराबायकोचं कायक. एके दिवशी मारय्याने रोजच्यापेक्षा जास्त तांदूळ आणले. लक्कम्माने त्याला दारातच अडवलं. गरजेपेक्षा जास्त आलेला दाणा म्हणजे हाव. तो जिथून आणला तिथे टाकून या, असं तिने बजावलं. ज्यांच्या घरी उद्याचे दाणे नव्हते, तेच जेवू घालणारे होते. दासोह श्रीमंतांसाठी राखून ठेवलेला नव्हता, हे या गोष्टीतून कळतं.

पुढे हा शब्द कलबुर्गीत फार मोठा झाला. जेवर्गी भागातल्या अरळगुंडगीचे शरणबसवेश्वर (१७४६–१८२२) हे शेतकरी. त्यांनी आपल्या पिकाचा दासोह मांडला, आणि लोक त्यांना महादासोही म्हणू लागले.

आता याच मुलखातलं दुसरं कुळ पाहू. बीदर जिल्ह्यात गावोगावी मेथडिस्ट मंडळ्या आहेत. चर्चच्या कामात तिथे ‘डीकन’ हा शब्द कानावर पडतो. तो मूळचा ग्रीक. डायकोनॉस म्हणजे सेवक, आणि त्यातही पंगतीत वाढणारा. प्रेषितांच्या कृत्यांच्या सहाव्या अध्यायात यरुशलेममधली एक तक्रार नोंदलेली आहे : रोजच्या वाटपात ग्रीक बोलणाऱ्या विधवांकडे दुर्लक्ष होत होतं. त्यावर सात माणसं निवडली गेली. तिथे त्यांना डीकन म्हटलेलं नाही, पण त्यांच्या कामासाठी वापरलेलं क्रियापद त्याच कुळातलं आहे : मेजावर वाढणं. पौलाच्या रोमकरांस पत्रात फीबी या स्त्रीसाठी तर तोच शब्द आला आहे. ख्रिस्ती मंडळीतल्या एका पदाचा उगम असा पंगतीच्या भांडणात आहे.

इंग्लंडमध्ये मेथडिस्ट चळवळ उभी करणाऱ्या जॉन वेस्ली यांनी या सेवेत पुन्हा जीव ओतला. १७४२ साली ब्रिस्टल इथे प्रार्थनाघराचं कर्ज फेडायचं होतं. प्रत्येकाने आठवड्याला एक पेनी द्यावी, असं कॅप्टन फॉय नावाच्या सभासदाने सुचवलं. गरिबांना तेवढंही झेपणार नाही, अशी हरकत निघाली. तेव्हा तो म्हणाला, सगळ्यांत गरीब अकरा जण माझ्याकडे द्या. ज्यांना जमणार नाही त्यांचा पेनी मी भरीन. पेनीसाठी दर आठवड्याला दारोदार जाताना कुणाच्या घरात काय चाललंय हे कळू लागलं, आणि त्यातून मेथडिस्टांची ‘क्लास मीटिंग’ जन्मली.

वेस्लींचा पैशाचा हिशोब तीन पायऱ्यांचा होता : प्रामाणिकपणे जेवढं कमावता येईल तेवढं कमवा, जेवढं वाचवता येईल तेवढं वाचवा, आणि मग जेवढं देता येईल तेवढं द्या. तिसरी पायरी गाळली की पहिल्या दोन माणसाचा घात करतात, असं त्यांचं ठाम मत होतं. मदत दुसऱ्याच्या हाती पाठवू नका, स्वतः जा, असंही ते सांगत. श्रीमंतांना गरिबांचा कळवळा येत नाही, कारण ते त्यांच्या घरी जातच नाहीत, हे त्यांचं निदान. १७८५ च्या जानेवारीत, वयाच्या ८१ व्या वर्षी, ते लंडनमध्ये वितळत्या बर्फातून पाच दिवस दारोदार फिरले आणि गरिबांच्या कपड्यांसाठी २०० पौंड मागून आणले.

हा विचार मुंबईच्या वाटेनेही मराठी मुलखात आला. जॉर्ज बोवेन १८४८ मध्ये अमेरिकेतून मुंबईत उतरले. त्यांनी मिशनचा पगार सोडला, गरिबांच्या वस्तीत अगदी थोडक्यात भागवून राहिले, मराठी शिकून रस्त्यावर बोलत राहिले. १८७० च्या दशकात ते मेथडिस्ट झाले. मिनी एब्रम्स ही मेथडिस्ट मिशनरी पुढे केडगावला पंडिता रमाबाईंच्या ‘मुक्ती’ मिशनमध्ये कामाला आली. रमाबाईंनी दुष्काळात आईवडील गमावले होते. म्हणून १८९६–९७ च्या दुष्काळात त्या स्वतः मध्य प्रांतात गेल्या आणि उपाशी मुलींना घेऊन आल्या. १९१२ मध्ये त्यांनी मुलींसाठी ख्रिस्ती हायस्कूल काढलं ते निजामाच्या राज्यातल्या गुलबर्ग्यात, म्हणजे आजच्या कलबुर्गीत, जिथे शरणबसवेश्वरांचा दासोह मोठा झाला. कन्या मनोरमाबाई तिथे मुख्याध्यापिका झाल्या.

दोन्ही कुळांची श्रद्धा वेगळी, ग्रंथ वेगळे. ते एक आहेत असं मी म्हणत नाही. एक कडू गोष्टही सांगितली पाहिजे. कल्याणात चांभार हरळय्याच्या मुलाचं ब्राह्मण मधुवरसाच्या मुलीशी लग्न झालं, आणि त्यापायी दोघा बापांना जीव गमवावा लागला, असं परंपरा सांगते. शरणांनी मांडलेली पंगत राज्याला सोसली नाही, आणि नंतर गावांनाही सोसली नाही. बीदर भागात मेथडिस्ट झालेली बहुतेक घरं दलितांची आहेत. आपल्याकडची पंगत त्यांच्यापर्यंत पोचली नव्हती, हे आपण कबूल केलं पाहिजे.

म्हणून शब्दाचं मूळ ध्यानात ठेवायचं. दासोह हे प्रथमपुरुषी वाक्य आहे. पावती फाडून ते दुसऱ्याकडून म्हणवून घेता येत नाही. फॉयचा पेनी आणि लक्कम्माचे दाणे हेच सांगतात. यंदा तुमच्या गावच्या मठात पंगत बसेल, शेजारच्या चर्चमध्ये सुगीचं पहिलं धान्य येईल. वर्गणी जरूर द्या. पण एकदा बादली स्वतः उचला, वाका, आणि ज्या गल्लीत आजवर गेला नाहीत तिथपर्यंत ती पंगत न्या.