पाडसाचे अरण्य

डिस्नेचा ‘बॅम्बी’ हा १९४२ सालचा चित्रपट आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. त्यातले पाडस आठवते, त्याची आई आठवते, आणि त्यांच्यामागचे धुक्यात विरत जाणारे अरण्यही आठवते. ते अरण्य ज्यांच्या कल्पनेतून उतरले, त्या टायरस वाँग यांच्याविषयी आज थोडे सांगावयाचे आहे.

वाँग यांचा जन्म १९१० साली दक्षिण चीनमधील ग्वांगडाँग प्रांतात झाला. १९२० साली ते वडिलांबरोबर अमेरिकेस निघाले. आई व बहीण मागे राहिल्या. त्यांची पुन्हा भेट झाली नाही. १८८२ च्या कायद्याने चिनी मजुरांना अमेरिकेत मज्जाव होता. म्हणून कागदोपत्री दुसऱ्याच कोणाचे नाव लावून यावे लागले. सॅन फ्रान्सिस्कोच्या उपसागरातील एंजल बेटावर ह्या लहानग्याला वडिलांवाचून अडकून पडावे लागले, आणि त्या उसन्या नावाने उलटतपासणीला तोंड द्यावे लागले. पुढे लॉस एंजेलिसमध्ये वडील त्याला रात्री सुलेखन शिकवीत. शाईला पैसे नसत. कुंचला पाण्यात बुडवून जुन्या वर्तमानपत्रावर गिरवायचे. पाणी वाळले की अक्षर गेले! ओटिस कलाशाळेत शिष्यवृत्ती मिळाली, आणि सुंग काळातील चिनी निसर्गचित्रांचा अभ्यास त्यांनी ग्रंथालयात बसून केला.

१९३८ साली ते डिस्नेकडे लागले, ते अगदी खालच्या कामावर. दोन मुख्य रेखाचित्रांच्या मधल्या हालचाली काढीत दिवसभर बसायचे. त्याच सुमारास ‘बॅम्बी’ची तयारी अडली होती. पान न् पान रेखलेल्या झाडीत हरणेच दिसेनाशी होत. वाँग यांनी फेलिक्स साल्टेन यांची मूळ कादंबरी वाचली, घरी काही लहान चित्रे रंगविली आणि कलादिग्दर्शक टॉम कॉड्रिक यांना नेऊन दाखविली. त्यांत मधोमध थोडा उजेड, चार खोडे, आणि कडेला नुसता रंगांचा ओलावा. पाने मोजायची सोयच नव्हती. पण वनाचा गारवा मात्र जाणवे. डिस्ने यांना ती पसंत पडली, आणि साऱ्या चित्रपटाचा वर्णविलास त्यांवरून ठरला.

श्रेयनामावलीत मात्र वाँग यांचे नाव पार्श्वचित्रे रंगविणाऱ्या इतरांच्या रांगेत आले. चित्रपट पडद्यावर येण्यापूर्वीच त्यांची नोकरीही गेली होती. १९४१ च्या संपात ते सामील नव्हते, तरी त्यानंतरच्या कपातीत सापडले. हे मला आजही अन्यायाचेच वाटते.

त्यानंतर वॉर्नर ब्रदर्समध्ये १९६८ पर्यंत त्यांनी चित्रीकरणापूर्वीची प्रसंगचित्रे रंगविली. प्रकाश कोठून यावा, कॅमेरा कोठे असावा, हे कलादिग्दर्शकाला त्यांवरून उमगे. ‘रिबेल विदाउट अ कॉज’ हा त्यांपैकी एक चित्रपट. अमेरिकेचे नागरिकत्व १९४६ साली मिळाले. डिस्ने संस्थेचा सन्मान मिळावयास २००१ साल उजाडले.

निवृत्तीनंतर ते सांता मोनिकाच्या किनाऱ्यावर स्वतः बांधलेले पतंग उडवीत: पाखरांचे थवे, फुलपाखरे, लांबच लांब गोम. ३० डिसेंबर २०१६ रोजी, वयाच्या १०६ व्या वर्षी ते वारले.