उंच काठ्यांवरचे माइक

२७ ऑक्टोबर १९८४. कॅलिफोर्नियातल्या बर्कलीच्या कम्युनिटी थिएटरमध्ये ग्रेटफुल डेड या रॉक बँडचा कार्यक्रम होता. त्या रात्री बँडने एक वेगळीच सोय केली होती. कार्यक्रम टेप करायला येणाऱ्या श्रोत्यांना साउंड बोर्डाच्या मागे राखीव जागा, आणि त्या जागेची वेगळी तिकिटं! बाकीच्या बँडांच्या कार्यक्रमांत दारावरच झडती होऊन टेपरेकॉर्डर जप्त व्हायचे, तो हा काळ. त्यामुळे हौशी ध्वनिमुद्रणाच्या या प्रथेचा जन्म बर्कलीत झाला असं सांगितलं जातं. मला ते पटत नाही. बर्कलीत मिळाली ती फक्त परवानगी. प्रथा तोवर चांगली वयात आलेली होती आणि तिचं मूळ खुद्द बँडच्या गिटारवादकापर्यंत जातं.

१९६४ च्या वसंतात हा गिटारवादक, एकवीस वर्षांचा जेरी गार्सिया, बँजोच्या वेडात होता. सँडी रॉथमन या मित्राबरोबर तो कॅलिफोर्नियातून गाडीने निघाला, तो ब्लूग्रास संगीत ऐकत दक्षिणेत आणि इंडियानात फिरला. सोबत टेपरेकॉर्डर होता. बिल मन्रोसारख्या दिग्गजांचं प्रत्यक्ष वाजवणं मिळेल तिथे टेप करायचं, दुसऱ्याकडच्या टेपा उतरवून घ्यायच्या आणि घरी येऊन त्या पुन्हा पुन्हा ऐकत हात बसवायचा, अशी त्याची तालीम चालायची. पुढे हजारो पोरं त्याच्यासमोर माइक धरून उभी राहिली तेव्हा त्याने कधी कपाळाला आठ्या घातल्या नाहीत, यात मला नवल वाटत नाही.

१९६५ मध्ये पालो आल्टोत बँड जमला. ही मंडळी कार्यक्रमाची यादी ठरवून वाजवत नसत. कालचं गाणं आज दहा मिनिटांचं व्हायचं, परवा पंचवीस मिनिटांचं, आणि मधेच दुसऱ्याच गाण्यात शिरायचं. ख्याल ऐकणाऱ्या मराठी माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको. एकाच गवयाचा तोच यमन तीन मैफलींत तीन तऱ्हांनी उलगडतो, म्हणून तर खाजगी मैफलींच्या कॅसेट आपल्याकडे जिवापाड जपल्या गेल्या. रोज तेच वाजवणाऱ्या बँडची एक रेकॉर्ड घरात असली की भागतं. रोज वेगळं वाजवणाऱ्याच्या बाबतीत, चुकलेला प्रत्येक कार्यक्रम कायमचा हातचा जातो. या प्रथेचं खरं बीज इथे आहे.

ते वेगळेपण टिकलं याचं बरंच श्रेय वादकांच्या बाहेरच्या उद्योगांना द्यायला हवं. गार्सियाने १९७३ मध्ये ‘ओल्ड अँड इन द वे’ हा ब्लूग्रास बँड काढून पुन्हा बँजो हातात घेतला. ड्रमवादक मिकी हार्ट १९६७ मध्ये उस्ताद अल्लारखाँना भेटला आणि तालाचा हिशोब शिकू लागला. त्यानंतर बँडच्या गाण्यांत अकरा आणि दहा मात्रांची आवर्तनं आली. अल्लारखाँचे चिरंजीव, माहीममध्ये वाढलेले झाकीर हुसेन, नंतर कॅलिफोर्नियात अली अकबर कॉलेजात तबला शिकवू लागले. त्यांच्या आणि हार्टच्या जोडीतून १९७६ चा ‘दिगा’ हा अल्बम आला. पुढे हार्टच्या ‘प्लॅनेट ड्रम’ या अल्बमला जागतिक संगीतासाठीचं पहिलं ग्रॅमीही मिळालं. अशा बाहेरच्या शिदोऱ्या दौऱ्यावर यायच्या आणि रोजच्या वाजवण्यात मिसळायच्या.

टेप करण्याची घरातली सवयही जुनी. बँडचा ध्वनितंत्रज्ञ ऑव्स्ली स्टॅनली १९६६ पासून कार्यक्रम टेप करत होता. आपलं काय चुकलं, हॉलमध्ये आवाज कसा पोचला, हे वादकांनी नंतर ऐकावं एवढाच त्यामागे हेतू होता. श्रोते मात्र चोरून टेप करत. सुरुवातीला बँडच्या कामगारांना ते खपत नसे, माइकच्या वायरी कापल्याही जात. तरी १९७१ मध्ये ब्रुकलिनच्या लेस किपेलने टेपांच्या फुकट देवघेवीचं मंडळ काढलं आणि १९७४ मध्ये त्यातूनच ‘डेड रेलिक्स’ हे नियतकालिक निघालं. त्याच १९७१ सालच्या अल्बमच्या वेष्टनावर बँडनेही आपल्या वेड्या श्रोत्यांना नाव-पत्ता कळवायचं आवाहन केलं होतं. म्हणजे दोन्ही बाजू एकमेकांना हुडकतच होत्या.

१९७४ मध्ये बँडने सहाशेच्या आसपास स्पीकरांची एक भिंतच वादकांच्या पाठीमागे उभी केली. शेवटच्या रांगेतही आवाज स्वच्छ पोचू लागला, अर्थात तिथे धरलेल्या माइकलाही. पण ही भिंत ट्रकांतून गावोगाव वाहून नेणं परवडेना. त्या ऑक्टोबरात बँडने दौरे थांबवले ते १९७६ च्या जूनपर्यंत. मधल्या काळात डेडहेडांची, म्हणजे बँडच्या वेड्या श्रोत्यांची, तहान भागवली ती टेपांनीच.

टेपर, म्हणजे टेप करणारा श्रोता, काम कसं करायचा ते पाहण्यासारखं आहे. गर्दीच्या डोक्यांवरून जाणाऱ्या काठीच्या टोकाला दोन माइक. बऱ्याच जणांची पसंती एकमेकांपासून सतरा सेंटिमीटरवर, ११० अंशांच्या कोनात ठेवण्याला, कारण तेवढ्यात माणसाच्या दोन कानांना येतो तसा डावा-उजवा फरक पकडला जातो. खाली मांडीवर सोनीचा कॅसेट डेक, त्यात नव्वद मिनिटांची मॅक्सेलची कॅसेट. पंचेचाळीस मिनिटांनी बाजू संपणार, म्हणून एक डोळा घड्याळावर. वादक सूर जुळवायला थांबले की झटकन कॅसेट उलटायची. आजूबाजूच्यांनी बोलायचं नाही, टाळ्याही जपून. घरी आल्यावर कॅसेटच्या कागदावर गाण्यांची यादी लिहायची आणि एक गाणं न थांबता दुसऱ्यात शिरलं असेल तिथे बाण काढायचा. मग मागणी येई. मागणारा कोरी कॅसेट आणि परतीचं टपाल धाडायचा, बस्स. दर प्रतीगणिक खरखर वाढायची, म्हणून मूळ टेपपासून आपली कितवी पिढी हे विचारूनच लोक प्रत घेत.

ऐंशीच्या दशकात माइकांचं हे रान इतकं वाढलं की साउंड बोर्डावर बसलेल्या डॅन हीलीला रंगमंच दिसेना. बर्कलीतल्या राखीव जागेचं कारण एवढं साधं होतं. टेपरांना हाकलून देणंही शक्य होतं. बँडने त्यांना हीलीच्या पाठीमागे नेलं आणि एकच अट पक्की ठेवली, की टेप विकायची नाही. ही अट पाळली गेली ती मुख्यतः टेपरांच्या आपसातल्या धाकाने. पैसे मागणाऱ्याशी देवघेव करायला कोणी तयार होत नसे. माझ्या मते टेपरांची खरी थोरवी त्यात आहे.

१९९५ च्या ऑगस्टमध्ये गार्सिया गेला आणि बँड त्या नावाने थांबला. टेपा थांबल्या नाहीत. २००५ मध्ये इंटरनेट आर्काइव्हवरून हजारो कार्यक्रम उतरवून घेण्याची सोय बंद झाली तेव्हा श्रोते इतके खवळले की श्रोत्यांनी केलेल्या टेपा परत खुल्या कराव्या लागल्या. साउंड बोर्डावरच्या टेपा मात्र तेव्हापासून तिथे फक्त ऐकता येतात.

सगळ्यांत नावाजलेला कार्यक्रम ८ मे १९७७ चा, कॉर्नेल विद्यापीठातल्या बार्टन हॉलमधला. तो बेटी कँटर-जॅक्सन हिने बँडच्या बाजूने टेप केला होता. पुढे तिची ओढगस्त झाली, भाडं थकलं आणि गोदामातल्या सामानाबरोबर तिच्या टेपांचाही लिलाव झाला. त्या हौशी लोकांच्या हाती गेल्या, त्यांनी त्या दुरुस्त केल्या, प्रती काढून वाटल्या. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने आपल्या २०११ च्या जतन-यादीत हा कार्यक्रम घेतला तेव्हा तो अधिकृतपणे बाजारात आलेलाही नव्हता. तो आला २०१७ मध्ये, आणि त्यासाठी बँडच्या संग्रहाला आधी आपल्याच टेपा बाहेरून परत मिळवाव्या लागल्या.