लोणारचा खार

वाळूला प्रचंड उष्णता दिली की तिची काच होते, हे आपण शाळेत शिकतो. ते खोटं नाही, पण जुन्या काळातल्या कोणत्याही भट्टीवाल्याला तेवढ्यावर काच करता आली नसती. गारेची शुद्ध वाळू वितळायला साधारण 1,700 अंश सेल्सिअस लागतात. तांबं गाळणाऱ्यांच्या चांगल्यातल्या चांगल्या भट्ट्या 1,200 अंशांच्या आसपास दमायच्या. उरलेले पाचशे अंश माणसानं कुठून आणले, हीच काचेची खरी कुळकथा. आणि तिचा एक धागा बुलढाणा जिल्ह्यातल्या लोणारला येऊन पोहोचतो, असं माझं ठाम मत आहे.

मला तो धागा सापडला ‘ऐन-ई-अकबरी’त. सोळाव्या शतकाच्या अखेरीस अबुल फजल वऱ्हाड सुभ्याची माहिती देताना लोणारबद्दल लिहितो, की इथल्या डोंगरांत काच आणि साबण करायला लागणारं सगळं काही मिळतं. काच आणि साबण एका दमात! साबणाला तेल किंवा चरबी हवी, काचेला वाळू हवी. या दोन धंद्यांत सामाईक वस्तू एकच आणि ती म्हणजे खार, सोड्याचा खार. पापडात पडतो तो पापडखार याच कुळातला.

हा खार वाळूत मिसळला की काय होतं ते नीट पाहण्यासारखं आहे. वाळूत सिलिकॉन आणि ऑक्सिजन यांची चहूबाजूंनी घट्ट विणलेली जाळी असते. सोड्यातला सोडियम तिच्यात शिरतो आणि जागोजागचे दुवे तोडतो. जाळी सैल पडते आणि हजार-अकराशे अंशांतच सगळं मधासारखं वाहू लागतं. निवताना हा रस इतका चिकट होत जातो की अणूंना पुन्हा शिस्तीत बसायला सवडच मिळत नाही. ते आहेत तिथेच थिजतात, आणि ही थिजलेली अव्यवस्था म्हणजेच काच. फक्त वाळू आणि सोडा घेतला तर मात्र ती काच पाण्यात विरघळते, म्हणून थोडा चुनाही लागतो.

खाराशिवाय, निव्वळ उष्णतेनं काच करणं निसर्गाला सहज जमतं. वीज वाळूत शिरते तेव्हा तिच्या वाटेवर काचेच्या वेड्यावाकड्या नळ्या तयार होतात. इजिप्त-लिबियाच्या सीमेवरच्या वाळवंटात सुमारे 2 कोटी 90 लाख वर्षांपूर्वीची पिवळसर काच विखुरलेली आहे. तुतानखामेनच्या थडग्यात सापडलेल्या छातीवरच्या दागिन्यातला भुंगा याच काचेचा कोरलेला आहे. 1945 साली न्यू मेक्सिकोतल्या पहिल्या अणुस्फोटानं वाळूची हिरवी काच केली, तेव्हा माणूसही या पंगतीला जाऊन बसला.

लोणारही याच पंगतीतलं आहे. इथलं सुमारे 1.8 किलोमीटर व्यासाचं विवर ज्वालामुखीचं की उल्केचं, हा वाद बरीच वर्षं चालला. 1973 साली ‘सायन्स’ या नियतकालिकात आलेल्या अभ्यासानं तो उल्केच्या बाजूनं निकालात काढला, आणि साक्षीला काचच उभी राहिली. विवराखालच्या बेसॉल्टमधल्या फेल्डस्पार खनिजाची, आघाताच्या अफाट दाबानं, स्फटिकाचा आकार कायम ठेवून काच झालेली होती. तिला मास्केलिनाइट म्हणतात. काठाभोवतीच्या मातीत वितळून गोठलेले काळ्या काचेचे गोळे आणि मणीही मिळाले. विवराचं वयसुद्धा या काचेवरूनच काढतात. एका पद्धतीनं ते 52,000 वर्षं येतं, दुसरीनं, म्हणजे काचेतला आर्गॉन मोजून, पावणेसहा लाखांच्या घरात जातं. मला दुसरा आकडा जास्त पटतो, कारण आर्गॉनचं घड्याळ इतक्या लांबच्या काळासाठी अधिक भरवशाचं आहे.

आता दुवा पाहा. ज्या आघातानं इथं काच झाली, त्याच आघातानं एक तळ्याचं भांडं घडवलं, ज्यात पाणी येतं पण ज्यातून बाहेर पडत नाही. भोवतालचा बेसॉल्ट झिजतो, त्यातला सोडियम पाण्यासोबत आत उतरतो. कॅल्शियम चुनखडीच्या रूपानं तळाशी बसतो, पाणी उन्हानं उडून जातं आणि मागे राहतो सोड्याचा खार. उन्हाळ्यात पाणी हटलं की काठावर त्याचे थर उघडे पडायचे, आणि लोक ते गोळा करायचे. त्यांच्या प्रतवारीला डल्ला, पापडी, भुस्की अशी नावं होती. पुराणकथेत दैत्यसूदन विष्णूनं लवणासुराला इथं मारलं, त्याचं रक्त म्हणजे हे पाणी आणि मांस म्हणजे हा खार. म्हणजे काच करायचे दोन्ही मार्ग, आगीचा आणि खाराचा, एकाच घटनेतून एकाच खळग्यात आले. जगात आणखी कुठे अशी जोडी असेल तर ती मला पाहायला आवडेल.

काचेच्या जन्माची सर्वांत प्रसिद्ध गोष्ट रोमन लेखक प्लिनीची. फिनिशियात बेलस नदीच्या मुखाशी खाराच्या व्यापाऱ्यांनी स्वयंपाकाला चूल मांडली. दगड मिळेनात म्हणून त्यांनी भांड्याखाली खाराची ढेकळं लावली, आणि त्या आगीत वाळू व खार मिळून काच वाहू लागली. अभ्यासक या गोष्टीला हसतात. उघड्यावरच्या चुलीला हजार अंश तासन्‌तास टिकवता येत नाहीत, त्यापेक्षा काच ही झिलईदार मण्यांच्या किंवा तांब्याच्या भट्टीतून निघाली असावी, असं ते म्हणतात. मेसोपोटेमियातले चार-साडेचार हजार वर्षांपूर्वीचे काचमणी पाहता तेच बरोबर दिसतं. तरी मी प्लिनीची बाजू घेईन. त्याची चूल चुकली, पण सामान बरोबर आहे. व्यापारी धान्याचे किंवा कापडाचे नव्हते, खाराचे होते. आणि बेलसच्या वाळूत शिंपल्यांचा चुरा असतो, म्हणजे लागणारा चुनाही आयताच. ही गोष्ट रचणाऱ्याला काच कशाची होते ते पक्कं ठाऊक होतं. त्यानंतरचे टप्पे सर्वश्रुत आहेत: इजिप्तच्या रंगीत कुप्या, सीरियाच्या किनाऱ्यावर नळीनं फुंकून केलेली भांडी, व्हेनिस.

भारतातली जुनी काच वेगळ्या घराण्याची. तिच्यात अल्युमिना भरपूर असतं. उत्तरेत उसर जमिनीवर फुलणारा रेह हा खार वाळू-मातीसकट भट्टीत जायचा, त्याची ही खूण. कोकणातल्या चौल बंदराच्या उत्खननात मिळालेले मणी याच घराण्याचे आहेत आणि त्यांचे सख्खे भाऊबंद आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावर सापडतात. इथं माझ्या प्रतिपादनाला विरोध होतो. चौलच्या काचेत युरेनियमचा अंश जास्त आहे, म्हणजे तिची वाळू ग्रॅनाइटच्या मुलखातली, दख्खनच्या बेसॉल्टची नव्हे. दख्खनमध्ये तयार काचेचे गोळे बाहेरून यायचे आणि इथले कारागीर फक्त घडण करायचे, असा त्याचा अर्थ लावता येतो.

चौलपुरतं मला ते मान्य आहे. पण अबुल फजल घडणीबद्दल बोलत नाही, मालाबद्दल बोलतो. बेसॉल्टची वाळू लोहामुळे काळी आणि काचेला कुचकामी, हेही खरं. मात्र त्याच बेसॉल्टच्या पोकळ्यांत गारगोट्या पिकतात आणि गारगोटी म्हणजे जवळजवळ शुद्ध सिलिका. ती भाजून पाण्यात टाकली की तडकते, मग कुटायला सोपी. लोणारच्या खारात मीठ मिसळलेलं असतं, पण मीठ काचेत फारसं मुरत नाही. मळीसारखं वर तरंगतं आणि काढून टाकता येतं. अशा काचेत अल्युमिना कमीच भरेल. तेव्हा लोणारचा माग काढायचा तर चौलचे मणी सोडून वऱ्हाडातल्या जुन्या बांगड्यांचे तुकडे तपासायला हवेत.

बांगडीच का, तर काचाऱ्याला थोडी काच पुरते. तो लोखंडी सळईच्या टोकावर रसाचा गोळा उचलतो, टोकदार हत्यारानं त्याला भोक पाडतो आणि गोळा मातीच्या निमुळत्या शंकूवर चढवतो. शंकू भराभर फिरू लागतो तसं भोक रुंदावत जातं, कडं पसरतं, आणि काही क्षणांत सांधा नसलेली बांगडी उतरते. उत्खननातल्या तुकड्यावर जोड दिसत नसेल तर ती अशी घडली असावी, असा अंदाज बांधता येतो.

लोणारच्या खाराचं राज्य फ्रान्समध्ये संपलं. 1791 मध्ये निकोला लब्लांनं मिठापासून सोडा करण्याचं पेटंट घेतलं आणि 1860 च्या दशकात बेल्जियमच्या सोल्वेनं त्याहून स्वस्त रीत काढली. पोत्यानं मिळणाऱ्या कारखान्याच्या शुभ्र सोड्यापुढे उन्हाळ्यात खरवडलेल्या डल्ल्याचा टिकाव लागला नाही. आज खिडकीच्या काचेत साधारण तेरा-चौदा टक्के सोडियम ऑक्साइड असतं, आणि त्यासाठीचा सोडा कारखान्यातून किंवा खाणीतून येतो.